आळ्यातला बेडूक

गेल्या वर्षीच्या जानेवारीतला दुसरा रविवार, सकाळी नऊची वेळ. जमा रक्कम चोवीस हजार पाचशे रुपये. हजर: कॉलनीच्या चोवीस घरांपैकी एकोणीस घरांतली माणसं, एक क्रेनवाला, पारनेरकडचा एक रोपवाटिकावाला आणि त्याचे चार गडी, कोपऱ्यावर इस्त्रीची गाडी लावणारे मामा, आणि खजिनदार म्हणून मी. काम एकच. रस्त्याच्या कडेला उभा असलेला कडुलिंब मुळांसकट उचलायचा आणि कॉलनीच्या मोकळ्या जागेत नेऊन लावायचा.

चोवीस घरांचे हजार-हजार, म्हणजे चोवीस हजार. वरचे पाचशे मामांचे. ते घ्यायला मी तयार नव्हतो.

"मामा, तुम्ही कॉलनीचे सभासद नाही. तुमच्याकडून वर्गणी घेता येत नाही."

"मी ऱ्हात न्हाई, पर माजं दुकान त्याच झाडाखाली हाय ना? पावती फाडा."

"नियमात बसत नाही."

"मग नियम जरा सरकवा, आन् मला बसू द्या."

मी पावती फाडली.

मामा मूळचे खर्ड्याकडचे. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी नगरला आले, चारचाकी गाडीवर कोळशाची इस्त्री ठेवली आणि आमच्या कोपऱ्यावरच्या या कडुलिंबाखाली उभे राहिले. तेव्हापासून आमच्या घरचे शर्ट त्यांच्या हाताखालून जातात. डोक्यावर निखाऱ्यासारखं ऊन आणि हातात निखाऱ्यांची इस्त्री असं दुहेरी भाजणं एप्रिल-मेमध्ये कुणालाच जमणार नाही, तेव्हा सावली ही त्यांच्या धंद्याची पहिली गरज. पण सावलीपेक्षाही झाडाचा त्यांना दुसरा एक उपयोग होता आणि तो मला फार उशिरा लक्षात आला. झाडाखाली उभी असलेली गाडी कुणाच्या डोळ्यांवर येत नाही. तिथेच चार बांबू रोवून वर पत्रा टाकला, की ते अतिक्रमण होतं. म्हणजे तो कडुलिंब हाच मामांचा परवाना होता. रस्ता रुंद होणार, झाड जाणार असं कळलं, तेव्हा कॉलनीत हळहळ सगळ्यांनाच वाटली. पण पोटावर येणार होतं ते मामांच्या. पुण्यात त्यांच्या मेव्हण्याची लाँड्री आहे. "तू ये, कामाला ठेवतो," असं तो बरीच वर्षं म्हणत होता. स्वतःची गाडी सोडून मेव्हण्याच्या हाताखाली राहायचं, हे मामांना मुळीच नको होतं.

आमचं शहर एके काळी राजधानी होतं. आता पाट्यांवर अहिल्यानगर लिहिलेलं असतं, बोलताना आम्ही नगरच म्हणतो. राजधानी असताना लांबून खापरी नळांतून पाणी आणून इथे बागा फुलवल्या होत्या म्हणतात. राज्य गेलं, बागाही गेल्या. झाडं सांभाळण्याच्या तऱ्हा मात्र आजही या एकाच गावात दोन आहेत. लष्कराच्या हद्दीत शिरलं की रस्त्याच्या दोन्ही बाजूंना झाडं शिस्तीत उभी असतात. कमरेपर्यंत चुना, त्यावर गेरूचा पट्टा, शिवाय प्रत्येकाला नंबर. आमच्या बाजूच्या झाडांना नंबर नसतात, खिळे असतात. शिकवणी वर्ग, दातांचा दवाखाना, एनए प्लॉट, सगळ्यांच्या पाट्या झाडांवर. आमच्या समोर राहणाऱ्या बाई मिशनच्या शाळेतून निवृत्त झाल्यात. दर शनिवारी पक्कड घेऊन त्या कॉलनीच्या रस्त्यावरच्या झाडांचे खिळे उपटत फिरतात. शाळेत मुलांच्या वह्या तपासायच्या, तसं आता झाडं तपासतात.

"मामा, हा खिळा तुमचा."

"न्हाई बाई. त्यो पहिल्यापासूनच हाय."

"पहिल्यापासून? मग त्याला हँगर कुणाचं अडकवलंय?"

"हँगर माजं. खिळा झाडाचा."

खिळा निघाला. मामांनी हँगर सुतळीने फांदीला बांधलं. बाईंनी सुतळीला हरकत घेतली नाही.

झाड तोडायचं नाही, हलवायचं, ही कल्पनाही बाईंचीच. त्यांनी पालिकेत अर्ज दिला, परवानगी रीतसर मिळाली आणि कुणाच्या तरी ओळखीने हा रोपवाटिकावाला आला. माणूस मोठ्या आवाजाचा, पण कामात चोख. तीन आठवडे आधी येऊन त्याने झाडाभोवती अर्ध्या बाजूने चर खणला, आठवड्याने उरलेल्या बाजूने. तुटलेल्या मुळांना औषध लावलं. फांद्या अशा छाटल्या, की आमचा डेरेदार कडुलिंब नुकताच जावळ काढलेल्या पोरासारखा दिसायला लागला. शेवटी खोडाच्या एका अंगाला पांढऱ्या रंगाने खूण केली.

"ही काय भानगड?" गुरुजींनी विचारलं. गुरुजी आमच्या शेजारचे. सरकारी कचेरीतून निवृत्त झाल्यावर घराण्यातलं पौरोहित्य त्यांनी पुन्हा सुरू केलं. गावात त्यांना चांगली मागणी आहे.

"उत्तर हाय ती. नव्या जागी बी ही खून उत्तरंलाच आली पायजे."

"वास्तुशास्त्र!" गुरुजी खूश झाले.

"न्हाई ओ. ह्या अंगाच्या सालीला उन्हाची सवं न्हाई. उलटं लावलं तर करपंल."

"तेच. शास्त्रच ते."

पैशांचं त्याने स्वतःच ठरवलं. एकूण सोळा हजार. आठ आगाऊ, आठ झाड जगल्यावर. जगलं नाही तर उरलेले मागणार नाही. असा करार मी माझ्या नोकरीत कधी पाहिला नव्हता. मी दोनदा विचारून खात्री करून घेतली.

तर त्या रविवारी क्रेनने पट्टे घालून झाड उचललं. खाली गोणपाटात बांधलेला मुळांचा मोठा गोळा, वर चार बोडक्या फांद्या. झाड हवेत जरासं फिरलं. मामांनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली. मोकळ्या जागेच्या कोपऱ्यात, माझ्या घराच्या कुंपणाला लागूनच, खड्डा तयार होता. पांढरी खूण उत्तरेला आली, माती भरली, भोवती पाण्यासाठी गोल आळं केलं. गुरुजींनी नारळ फोडला. बाईंनी डोळे मिटून दोन मिनिटं प्रार्थना केली. नारळाचे तुकडे वाटताना बाईंनी सगळ्यात मोठा तुकडा उचलला आणि गुरुजी म्हणाले, "प्रार्थनेची दक्षिणा वाटतं?"

जाताना रोपवाटिकावाला एवढंच सांगून गेला: "आठवड्यातनं दोनदा पानी. दर टायमाला धा बादल्या. त्याच्यावर थेंब न्हाई. ही काळी जमीन हाय, पानी धरून ठिवती."

मी पाळ्या लावल्या. दर बुधवारी आणि रविवारी एक-एक घर, दहा बादल्या. कागद मोकळ्या जागेच्या फाटकाला अडकवला. मामांनी गाडी तिथेच, झाडाशेजारी आणून लावली. झाडाला सावली नव्हती, म्हणून बाजारातून एक जुनी मोठी छत्री आणली. तिची एक काडी मोडलेली होती. वारा आला की त्या बाजूने छत्री सलाम करायची.

पहिला महिना बरा गेला. फेब्रुवारीत छाटणीतून उरलेली पानं पिवळी पडायला लागली.

यावर कॉलनीत दोन तट पडले. गुरुजींचं म्हणणं, कडुलिंबाची पानं या दिवसांत गळतातच, रस्त्यापलीकडचा पाहा. बाईंचं म्हणणं, तो गळतोय तो वेगळा आणि हा गळतोय तो वेगळा. त्याची पानं वाळून पडतात, याची मऊ पडून. मामा कुणाच्याच बाजूने बोलले नाहीत. इस्त्री बाजूला ठेवून ते अधूनमधून खोडाला हात लावून यायचे, ताप पाहावा तसा.

"पाणी कमी पडतंय," असं मात्र हळूहळू सगळेच म्हणू लागले. पाळ्या बरोबर चालल्या होत्या. रोज संध्याकाळी ऑफिसातून आलो, की मी फाटकावरचा कागद पाहत होतो. एकही पाळी चुकली नव्हती. तरी प्रत्येकाला वाटत होतं, की दुसरा बादल्या अर्ध्याच भरत असणार.

मार्चच्या सुरुवातीला एका सकाळी बायकोने मला मागच्या दारातून हाक मारली.

"अहो, इकडे या. बेडूक."

"कुठे?"

"झाडाच्या आळ्यात."

"मार्चात? नगरात?"

"माझ्यावर विश्वास नसेल तर त्याला विचारा. बसलाय समोर."

मी गेलो. खरोखरच बेडूक होता. चांगला मुठीएवढा. आळ्यात वर ओल दिसत नव्हती, कारण बाईंनी आणलेला पालापाचोळा त्यावर पसरलेला होता. त्या पाल्यातून तोंड बाहेर काढून तो बसला होता, भाडं भरून राहिल्यासारखा. आमच्याकडे उन्हाळ्यात चिमण्यांसाठी पाण्याची वाटी ठेवली तर संध्याकाळी ती कोरडी असते. अशा गावात हा प्राणी कुणाच्या भरवशावर आला? मी पहार आणली आणि आळ्याच्या कडेला ठोकली. ती लोण्यात सुरी जावी तशी खाली गेली. बाहेर काढली, तर पहारीला चिखल आणि नाकाला गटारासारखा वास. भोकात बघता बघता पाणी साठलं.

रोपवाटिकावाल्याला फोन केला. तो दुपारी मोटारसायकलवर आला. तोवर झाडाजवळ बरीच माणसं जमली होती. मामा, बाई, गुरुजी, माझी बायको, पलीकडच्या ओळीतले पाच-सहाजण. त्याने पाला बाजूला केला, बेडकाकडे पाहिलं, पहार घालून पाहिली आणि कमरेवर हात ठेवून उभा राहिला.

"हे झाड हाय का म्हैस? माझी म्हैस बी एवढं पीत न्हाई. कुनी पाजलं?"

"दहाच बादल्या, आठवड्यातून दोनदा," मी म्हणालो. "पाळ्यांचा कागद फाटकावर आहे."

"कागद कोरडा हाय साहेब. जमीन सांगती ते ऐका."

मग तो एकेकाला विचारू लागला आणि गंमत सुरू झाली.

"मी पाळीशिवाय थेंब घातला नाही," गुरुजी म्हणाले. "अभिषेकाचं तीर्थ तेवढं. ते कुठेही ओतता येत नाही, झाडाच्या बुंध्याशीच घालावं लागतं."

"किती असतंय त्ये?"

"असं काही मोजत नाही. लघुरुद्र असेल त्या दिवशी दोन घागरी. यजमान ते माझ्याकडेच देतात. आणि मधे महाशिवरात्र होती..."

"महाशिवरात्रीला किती घागरी, गुरुजी?" बाईंनी विचारलं.

"बाई, तीर्थाला पाणी म्हणत नाहीत."

"हं. मुळांना कळत असेल फरक."

"आन् तुमी, मॅडम?" रोपवाटिकावाला त्यांच्याकडे वळला.

"मी? मी फक्त आरओचं. ते मशीनने टाकून दिलेलं असतं. फरशीला वापरायचे, ते इकडे आणायला लागले. ते काय पाणी आहे?"

"टाकलेलं पाणी ओलं नसतं का हो बाई?" गुरुजींनी हिशेब चुकता केला.

माझ्या बायकोने आपण होऊन सांगितलं, की तांदूळ-डाळ धुतलेलं पाणी ती रोज घालते, कारण त्यात ताकद असते. मामा मान खाली घालून म्हणाले, "म्या सांजच्याला डबा उलटा करीतो. कापडावर शिपडून उरल्यालं. वाईच असतंय." मग पलीकडच्या ओळीतल्या एका वहिनींनी खरी गोष्ट सांगितली. आमच्याकडे नळाला पाणी रोज येत नाही. आलं, की आधीचं भरून ठेवलेलं पाणी शिळं होतं. शिळं पाणी फेकायचं कुठे? आधी कुंड्यांना, अंगणात, रस्त्यावर जायचं. त्या जानेवारीपासून आठ-नऊ घरांचं शिळं पाणी झाडाला जाऊ लागलं होतं. "आजारी झाड आहे, फुकट घालवण्यापेक्षा त्याला," असं प्रत्येकीला स्वतंत्रपणे सुचलं होतं.

नगरचा माणूस चांगलं पाणी झाडाला घालताना दहा वेळा विचार करतो. उरलेलं, टाकलेलं, शिळं, धुतलेलं, देवाचं पाणी तो पाण्यात धरतच नाही. माझ्या कागदावर बादल्या होत्या त्या फक्त नळाच्या. बाकीचं सगळं पाणी कुणाच्याच लेखी पाणी नव्हतं, म्हणून ते कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

"आणि ही नळी कुणाची?" बाईंनी बोट दाखवलं.

सगळ्यांनी पाहिलं. माझ्या कुंपणाच्या भिंतीतून एक काळी नळी येऊन आळ्याच्या काठावर संपत होती.

"तो आमच्या टाकीचा ओव्हरफ्लो आहे," मी म्हणालो.

"ओव्हरफ्लो म्हंजी?" मामांनी अगदी भोळेपणाने विचारलं.

"टाकी भरल्यावर वरून जातं ते."

"म्हंजी पानीच की."

त्यानंतर जो हशा पिकला तो ओसरायला बराच वेळ लागला. बायको तर भिंतीला टेकून हसत होती. नळी मी तिथल्या तिथे गुंडाळली. अजूनही आमच्या कॉलनीत कुणी एखादी गोष्ट कबूल करायची टाळत असेल, तर "ओव्हरफ्लो असेल" असं म्हणतात.

हसून झाल्यावर मामांनी विचारलं, "पर जगंल का ह्यो?"

रोपवाटिकावाल्याने नखाने साल खरवडली. आत हिरवं होतं. "वरून जित्तं हाय. खाली मुळं सडाया लागलीत का, त्ये आत्ता न्हाई सांगता येत. पानी तोडा. पार तोडा. मी सांगस्तवर एक थेंब न्हाई. तीर्थ न्हाई, मशीनचं न्हाई, शिळं न्हाई."

दुसऱ्या दिवशी त्याच्या गड्यांनी येऊन उताराच्या बाजूने चर खणला, चिखल उपसला, आत वाळू आणि विटांचे तुकडे भरले. विटांचे तुकडे माझ्या परसातले, फुकट. वाळू आणि मजुरी मिळून आठशे साठ रुपये. बेडकाला बायकोने सुपलीत घालून कोपऱ्यावरच्या ओढ्याजवळ सोडलं.

यानंतरचे दोन आठवडे कॉलनीची जी अवस्था झाली ती सांगण्यासारखी आहे. झाडाला पाणी घालायचं नाही हे सगळ्यांना पटलं होतं, पण हातातल्या बादलीचं करायचं काय, हे कुणाला कळेना. माणसं बादली घेऊन निघायची, फाटकापर्यंत यायची आणि परत जायची. मामा छत्रीखालून पहारा करत होते. "वहिनी, मागं फिरा," हे वाक्य दिवसात कितीदा तरी ऐकू यायचं. बाईंनी फरशी पुन्हा आरओच्या पाण्याने पुसायला सुरुवात केली. गुरुजींची अडचण खरी होती. तीर्थ मोरीत ओतता येत नाही आणि त्यांच्या दारातली तुळस एवढं घेईना. तांब्या हातात धरून ते उभे असताना बाईंनीच आपल्या घराचं फाटक उघडलं.

"माझ्या जास्वंदीला घाला. ती कुणाचंही पिते."

"चालेल तुम्हाला?"

"मला चालेल. तुमच्या महादेवाला चालतंय का ते बघा."

"त्याला सगळंच चालतं," गुरुजी म्हणाले आणि तांब्या जास्वंदीत ओतला. तेव्हापासून ते रोजचंच झालं. त्या वर्षी जास्वंद अशी फुलली, की गुरुजींच्या पूजेची फुलंही तिथूनच जाऊ लागली.

पाडव्याला दरवर्षी सगळी कॉलनी याच झाडाचा पाला न्यायची. गुढीला डहाळी आणि गुळाबरोबर खायला चार पानं. त्या वर्षी पाल्याला हात लावायचा नाही असं गुरुजींनीच आधल्या दिवशी ठणकावून सांगितलं, आणि तशी पानंही उरली नव्हती. बाजारातून दहा रुपयांची जुडी आणली. पाडव्याच्या सकाळी मी गुढी उभारत होतो, तेवढ्यात मामांची हाक आली. सणाच्या दिवशी ते गाडी लावत नाहीत, नुसतेच आले होते. मी कुंपणावरून पाहिलं. ते उत्तरेकडच्या फांदीखाली उभे होते आणि वर बघत होते. फांदीच्या छाटलेल्या टोकाशी तांबूस, ओलसर चकाकणारी बारीक पालवी होती. एकाच ठिकाणी. चिमटीत मावेल एवढीच.

मी आठ हजार रुपये मोजून ठेवले आणि रोपवाटिकावाल्याला फोन केला. तो आला, त्याने पालवी पाहिली आणि पैसे घेतले नाहीत.

"ही फसवी आसती. खोडात साठल्यालं आसतं, त्याच्यावर फुटती. मुळांनी धरलं का न्हाई, त्ये पावसाळ्यात कळंल. मग द्या."

"अहो, पण पालवी फुटली ना? करारात बसतं."

"करारात बसतंय, झाडात न्हाई."

मामांचा चेहरा उतरला. एप्रिलमध्ये ऊन वाढलं. छत्रीची दुसरी काडीही गेली. कॉलनीच्या बैठकीत मी पत्र्याच्या शेडचा विषय काढून पाहिला. मोकळ्या जागेत पक्कं काही नको, आज मामांना दिलं तर उद्या कुणाकुणाला द्यायचं, असं बहुमताने ठरलं. त्यात चुकीचं काही नव्हतं. छत्री चालेल, झाड चालेल, पत्रा चालणार नाही. मामांनी ऐकून घेतलं. दुसऱ्या दिवशी शर्ट द्यायला घरी आले तेव्हा म्हणाले, "पावसात छत्रीखाली निखारा टिकत न्हाई, साहेब. मेव्हण्याचा फोन आल्ता. म्या म्हनलं आखाडापत्तुर थांब."

"आणि आखाडानंतर?"

"झाड सांगंल तसं."

मे महिन्यात त्या तांबूस पालवीची हिरवी पानं झाली. दुसरी पालवी फुटली, ती चार फांद्यांवर. रोपवाटिकावाल्याने फोनवरून आठवड्याला चार बादल्यांची परवानगी दिली. त्या मामांनी स्वतःच्या हाताने घातल्या, चारला चार. पाऊस सुरू झाला तेव्हा मी चराकडे जाऊन पाहिलं. पाणी आळ्यात न थांबता वाळूतून उताराला निघून जात होतं. जूनअखेर फांद्या झाकल्या गेल्या. दुपारी एकला झाडाची सावली गाडीच्या निम्म्यावर यायला लागली. मामांनी गाडी फिरवून अशी लावली, की इस्त्री आणि ते स्वतः सावलीत आणि घड्या घातलेले कपडे बाहेर. "कापडाला ऊन बाधत न्हाई," असं त्यांचं म्हणणं.

आखाडातल्या एका रविवारी रोपवाटिकावाला आला. त्याने बुंध्याला खांदा लावून ढकलून पाहिलं, पायाने माती दाबून पाहिली, बुंध्याजवळ बोटभर खणून एक बारीक पांढरं मूळ आम्हाला दाखवलं. नवं. मग हात झटकले.

"आता द्या."

मामांनी तिथेच उभ्या उभ्या पुण्याला फोन लावला. आम्हाला ऐकू आलं ते एवढंच: "न्हाई, येत न्हाई. न्हाई, राग कसला? झाड ऱ्हायलंय म्हनून." मग फोन खिशात टाकून त्यांनी गाडीवरचं एक नवं हँगर उचललं, सुतळी काढली आणि बाईंकडे पाहिलं. बाई म्हणाल्या, "खालच्या फांदीला नको. ती अजून लहान आहे." मामांनी हँगर परत गाडीवर ठेवलं.

रोपवाटिकावाल्याला त्याच रविवारी आठ हजार रुपये रोख दिले. जानेवारीतले आठ, क्रेनचे साडेपाच हजार, खड्डा आणि मुरूम अठराशे, चराचे आठशे साठ आणि हे आठ धरून खर्च चोवीस हजार एकशे साठ झाला. तीनशे चाळीस उरले. ते मामांना त्यांच्या पाचशेपोटी परत करावेत असं मी सुचवलं. मामा म्हणाले, "पैकं परत घेतलं तर मग झाडातला माजा हिस्सा गेला." तेव्हा सगळ्यांच्या संमतीने भेळ मागवली आणि झाडाखाली, निम्म्या सावलीत आणि निम्म्या उन्हात उभं राहून खाल्ली. पाण्याचा जग बाईंनी आणला होता. उरलेलं पाणी कुणी झाडाला घातलं नाही, गुरुजींनी ते जास्वंदीला नेलं. भेळवाल्याला तीनशे साठ रुपये दिले. वरचे वीस माझे.